टायरवाल्याच्या डोक्यावरचं थमेइन

१

नारळाच्या रश्श्यातल्या शेवया कधीच निवून गेल्या होत्या, पण टायरवाले ऊ जिन फ्यो काही माईक सोडायला तयार नव्हते. दरवर्षी आपल्या वाढदिवसाला ते मोलमेनच्या टेकडीमागच्या या वृद्धाश्रमात जेवण घालत. आणि घालण्याआधी, आपण ते कसं घालतो हे मन लावून सांगत. खुर्चीत बसून सांगत, म्हणजे थकवा येत नाही.

पुरुषांच्या रांगेत बसलेले निवृत्त फौजदार ऊ थान पे मनातल्या मनात दात खात होते. दात स्वतःचे होते, एवढं एकच समाधान. पोटात कावळे कोकलत होते आणि गुडघा ठणकत होता. वर कुणीतरी गालाला चंदनासारखा थनाखा लावून दिला होता, फोटोत म्हातारे टवटवीत दिसावेत म्हणून. आयुष्यभर भल्याभल्यांना ज्याने चौकीत उभं केलं, त्याला आता शेवयांसाठी हात जोडून बसावं लागत होतं.

तेवढ्यात टायरवाल्यांच्या रेशमी फेट्यावर एक थेंब पडला. त्यांनी वर न बघताच माईकमध्ये सांगितलं, "बघा, देवांनीही आशीर्वादाचं पाणी शिंपडलं."

दुसरा थेंब पडला. तिसरा नाकावर पडला. बायकांच्या पहिल्या रांगेतल्या दॉ सेन ये यांनी तोंडातला चिरूट काढला, डोळे बारीक करून वर पाहिलं आणि ठसका लागेपर्यंत हसल्या. बाईंनी जन्मभर बाजारात मासळी विकली होती. आवाजाला माईक लागत नसे.

"अगं बाई! कसला आशीर्वाद? थमेइन आहे ते! बाईचं ओलं थमेइन!"

सगळ्यांच्या माना वर गेल्या. टायरवाल्यांच्या डोक्यावर, बॅनरच्या झालरींत मिसळून, वेलबुट्टीची मरून लुंगी लोंबत होती. कमरेची काळी पट्टी लांबूनही ओळखू येत होती. आमच्याकडे बायकांची थमेइनं वाळत असतात त्या दोरीखालून पुरुष जात नाही. वळसा घालील, चिखल तुडवील, पण खालून जाणार नाही. गेला तर पुरुषाचं तेज जातं म्हणतात. आणि हा तर सबंध भाषणभर खाली बसला होता.

ऊ जिन फ्यो यांनी फेटा भिरकावला, माईक लाथाडला आणि गाडीकडे पळ काढला. त्यांच्यामागे त्यांचा फोटोवाला आणि त्याच्यामागे आश्रमाच्या व्यवस्थापिका दॉ न्वे यिन "साहेब, साहेब" करत धावल्या.

परत आल्या तेव्हा त्यांचा चेहरा पांढराफटक पडला होता.

"साहेब मठात गेलेत, भिक्षूंकडून पाणी शिंपडून घ्यायला. दुपारी परत येणार आहेत. ज्याने हे केलं त्याने सगळ्यांसमोर त्यांच्या पायाशी बसून माफी मागायची आणि आश्रमातून चालतं व्हायचं. आणि ते तिथेच लटकू दे, साहेबांना दाखवायचंय. कुणी कबूल झालं नाही, तर..." बाईंची नजर शेवया वाढणाऱ्या मुलीवर स्थिरावली. "ओन्मा, कपडे तूच धुतेस ना? मग तू तुझी पिशवी भरून ठेव."

२

ओन्मा रडत रडत फौजदारांकडे आली.

"फोफो, तुम्हीच काहीतरी करा."

"मी कुणाचा फोफो नाही," ऊ थान पे खेकसले. "लग्न केलं नाही, मूल झालं नाही, नातवंडं कुठून येणार? इथे पाऊल ठेवलं की माणसाचं नाव जातं आणि आजोबा होतो. तू केलंस का ते सांग."

"नाही हो! मी पहाटेपासून स्वयंपाकघरात होते. आचाऱ्यांना विचारा."

तिने केलं नसणार हे त्यांना विचारायच्या आधीच माहीत होतं. पण पोरगी गेली तर काय होईल हेही माहीत होतं. या आश्रमात म्हाताऱ्यांना अंघोळ घालताना दार लावून घेणारी ती एकटीच होती. बाकीचे दार सताड उघडं टाकून, येणाऱ्याजाणाऱ्याशी गप्पा मारत पाणी ओतत. मागच्या महिन्यात ओन्मा रजेवर असताना ऊ थान पे यांना साबण लावलेल्या अवस्थेत भाजीवाल्याने नमस्कार केला होता. तो नमस्कार ते मरेपर्यंत विसरणार नव्हते.

"नाक पूस," ते म्हणाले. "चोर सोडून संन्याशाला फाशी द्यायची या बाईची जुनी खोड आहे. बघतो मी."

स्टेज अंगणाच्या पलीकडे होतं. मधे बायकांच्या कपड्यांची दोरी. सरळ गेलं तर चार पावलं, पण ऊ थान पे नेहमीप्रमाणे विहिरीला वळसा घालून, गुडघ्याला शिव्या देत गेले. सवयच तशी होती. काठी टेकून ते त्या थमेइनपासून बेताचं अंतर ठेवून उभे राहिले. पुराव्याला हात लावायचा नाही म्हणून चौकीत कितीदा शिपायांना झापलं होतं. आज हात लावायची सोयच नव्हती.

अजून पाणी ठिबकत होतं. म्हणजे कुणाच्या बोचक्यातून काढलेलं जुनेर नव्हतं, नुकतंच धुतलेलं होतं. बॅनर फार उंच नव्हता. स्टेजवर उभं राहिलं की हात पुरेल. वरचा काठ बांबूभोवती घेऊन दोन्ही बाजूंचं कापड मुठीत धरून पिळलेलं होतं, आणि मधोमध गाठ खोचलेली होती. गाठ त्यांना ओळखीची वाटली. कुठे पाहिली ते मात्र आठवेना. म्हातारपणाचा हाच वैताग. मेंदू माल दाखवतो, पण दुकान बंद करून.

"काय फौजदार," मागून दॉ सेन ये यांचा आवाज आला, "वास घेऊन चोर पकडताय का?"

३

"तुम्हीच हसलात सगळ्यांत आधी," ऊ थान पे म्हणाले.

"मग काय रडायचं होतं? सकाळपासून आम्हा बायकांना पावडर थापून पहिल्या रांगेत बसवलेलं. लघवीला उठू दिलं नाही, फोटोची रांग मोडते म्हणे. बाजारात मासळीसुद्धा इतका वेळ मांडून ठेवत नाही मी. वास मारायला लागते."

"एकही उठली नाही?"

"एक उठू दे! न्वे यिनबाई काठी घेऊन उभ्या असल्यासारख्या उभ्या होत्या. मग भिक्षू आले, त्यांना वाढायच्या वेळी तेवढं सगळ्यांनी मागच्या मंडपाकडे तोंड करून हात जोडले. बॅनर तेव्हाच चढला, आणि हेही तेव्हाच कुणी चढवलं असेल. पण आमच्यातलं कुणी नाही. मी केलं असतं तर पैज लावून सांगितलं असतं."

हे मात्र खोटं वाटत नव्हतं. "हे आहे कुणाचं?"

"दॉ प्योनचं. ती वेलबुट्टी कोण विसरेल? सगळ्या गावच्या नवऱ्यामुलींचे अंबाडे तिच्या हातचे. फुलाशिवाय कधी उंबरा ओलांडला नाही तिने. आता पडून असते बिचारी, अर्धं अंग गेलेलं. ती काय स्टेजवर चढणार?"

"तिचे कपडे धुतं कोण?"

"ओन्मा. आणखी कोण?"

ऊ थान पे स्वयंपाकघराकडे निघाले. वाटेत दॉ न्वे यिन आडव्या आल्या.

"चला फोफो, आता जरा झोपू या हं शहाण्यासारखं?"

"बाई, माझी झोप मी झोपेन. साहेबांची खुर्ची कुणी मांडली?"

"मीच. आधी मधोमध होती. पण ऊन तोंडावर येत होतं साहेबांच्या, म्हणून ऐनवेळी कडेला सरकवली. का हो?"

"असंच," ते म्हणाले, पण थांबले. खुर्ची ऐनवेळी सरकली असेल, तर थमेइन बांधणाऱ्याला तिथे कोण बसणार हे माहीतच नव्हतं. मग ज्या अपमानासाठी पोरीची नोकरी जात होती, तो अपमान मुळात कुणी केलाच नव्हता. पण मग ओलं थमेइन घेऊन एवढ्या लगबगीने स्टेजवर चढायचं कारण काय?

ओन्मा भांडी घासत होती. पिशवी भरून दाराशी ठेवलेली होती.

"दॉ प्योनचं थमेइन तू आज धुतलंस?"

"मी? मी त्यांचे कपडे कधीच धुतले नाहीत, फो... साहेब. माझ्याकडे येतच नाहीत ते. रोज सकाळी दोरीवर वाळत असतात, पार टोकाला, फणसाआड. मला वाटायचं दॉ सेन ये धुतात. मैत्रीण ना त्यांची."

४

बायकांच्या खोलीत खाटेवर दॉ प्योन पडून होत्या. त्यांच्या उशाशी त्यांचे पती ऊ म्या थ्विन बसले होते. आश्रमाच्या नियमाप्रमाणे पुरुष एकीकडे, बायका दुसरीकडे. नवराबायको असली म्हणून काय झालं? त्यामुळे ऊ म्या थ्विन दिवसा पाहुण्यासारखे यायचे आणि अंधार पडला की पाहुण्यासारखे परत जायचे. आत्ता ते बायकोच्या तुरळक केसांत सोनचाफा खोचत होते. दोनदा खोचला, दोनदा निसटला. दॉ प्योननी एक भुवई उचलली.

"वाकडा का? बरं, बरं, पुन्हा लावतो," ते म्हणाले.

"ऊ म्या थ्विन, या बाईंचे कपडे कोण धुतं?"

हात थांबला. "धुऊन होतात," ते म्हणाले आणि दोन्ही हात पसोच्या, पुरुषी लुंगीच्या, चुण्यांत लपवले. पण त्याआधी ऊ थान पे यांना बोटं दिसली होती. टोकं सुरकुतलेली होती आणि पेरांवर भेगा. जन्मभर सायकलरिक्षा हाकलेल्या माणसाच्या तळव्यांना घट्टे असतात. भेगा कपडे धुण्याच्या साबणाने पडतात.

'छे!' ऊ थान पे यांनी स्वतःलाच झापलं. पुरुष आणि बायकोचं थमेइन? असलं काम करणारा पुरुष त्यांनी अख्ख्या नोकरीत पाहिला नव्हता. खुनी पाहिले, दरोडेखोर पाहिले. म्हणून तर पुरुष त्यांनी पहिल्या फटक्यात यादीतून वगळले होते.

वैतागून ते उठले. उठताना पसो सैल झाला. रोजच्यासारखी त्यांनी दोन्ही बाजूंची कापडं मुठीत धरली, पिळली आणि पोटावर मधोमध गाठ खोचली.

आणि खोचता खोचता तसेच उभे राहिले.

बाई थमेइनची घडी सपाट करून कडेला खोचते. मधोमध पिळून गाठ मारतो तो पुरुष. जन्मभर, रोज सकाळी, न बघता. काखेत कळसा म्हणतात तो इथे अक्षरशः पोटावर होता.

ऊ म्या थ्विन त्यांच्याकडे बघत होते. खाटेवरून दॉ प्योनही बघत होत्या.

ऊ थान पे पुन्हा विहिरीला वळसा घालून स्टेजवर आले. आता एकच प्रश्न उरला होता, आणि तो चौकीतल्या कुठल्याही नव्या शिपायाने पहिल्यांदा विचारला असता. सकाळभर सगळा आश्रम त्या कापडाकडे बघत बसला होता. कापडाखाली काय आहे हे कुणी पाहिलंच नव्हतं. त्यांनी काठीचं टोक थमेइनच्या काठाखाली घातलं आणि ते उचललं.

त्यांनी बघितलं, आणि काठी हळूच खाली घेतली.

५

दुपारी टायरवाले आले ते ओले केस आणि मनगटाला मंतरलेला दोरा घेऊन. सगळे पुन्हा रांगेत बसवले गेले. दॉ प्योनना ओन्माने चाकाच्या खुर्चीत आणलं. ऊ म्या थ्विन त्यांच्या शेजारी उभे राहिले.

"कोण आहे तो?" ऊ जिन फ्यो गरजले. "या पोरीनेच केलंय ना?"

"नाही," ऊ थान पे काठी टेकत पुढे झाले. "ही स्वयंपाकघरात होती आणि बायका रांगेत. शिवाय ती गाठ बघा. तुमच्या पोटावर आहे तीच गाठ."

सगळ्या पुरुषांचे हात आपापल्या पोटाकडे गेले. दॉ सेन ये यांनी चिरूट खाली ठेवला.

"पुरुष?" टायरवाले हसले. "फौजदार, म्हातारचळ लागलाय तुम्हाला. कुठला पुरुष त्याला हात लावेल?"

"मीही दुपारपर्यंत हेच म्हणत होतो. साहेब, तुमची खुर्ची आधी मधोमध होती. सावलीसाठी इकडे आणली ती बाईंनी. म्हणजे बांधणाऱ्याला तुमच्या डोक्याशी काही घेणंदेणं नव्हतं. त्याला बॅनरचा तेवढाच कोपरा हवा होता. बाई, तुमचा हात चालतो, जरा ते थमेइन बाजूला करा. आणि खाली लिहिलंय ते मोठ्याने वाचा."

दॉ न्वे यिन नाइलाजाने चढल्या. गाठ सोडली. थमेइन ओघळून स्टेजवर पडलं.

खाली मागच्या वाढदिवसाचा फोटो होता. टायरवाले हसत चमचा पुढे करत होते. चमच्यासमोर दॉ प्योन, केस कापलेले, तोंड उघडं, हनुवटीवर पेज, ब्लाऊजची वरची बटणं सुटलेली. फोटो परातीएवढा मोठा होता.

"वाचा," ऊ थान पे म्हणाले.

बाई अडखळत वाचू लागल्या. "जगात... जगात जिचं कुणीच नाही, अशा आजीला मायेचा घास भरवताना दानशूर ऊ जिन फ्यो."

चाकाच्या खुर्चीत दॉ प्योननी मान दुसरीकडे वळवण्याचा प्रयत्न केला, आणि ती वळेना. ओन्मा चटकन त्यांच्यासमोर उभी राहिली, त्यांना बॅनर दिसू नये अशी.

फौजदारांनी नाव घेतलं नाही. घेणारही नव्हते. नाव घेतलं तर माणूस आश्रमातून जाणार होता, आणि न घेतलं तर पोरगी. उभ्या नोकरीत त्यांना अशा पेचात कुणी टाकलं नव्हतं, आणि या वयात टाकलं म्हणून त्यांना सगळ्यांचाच राग आला होता.

"मी आहे ना," ऊ म्या थ्विन म्हणाले.

आवाज इतका साधा होता की टायरवाल्यांना आधी कळलंच नाही. "काय?"

"तिचं कुणी नाही असं लिहिलंय तिथे. मी आहे. मी नवरा तिचा." ते दोन पावलं पुढे आले. "सकाळी फणसाआड तिचं थमेइन पिळत होतो. मान वर केली तर समोर ही. सगळ्या गावाला दिसेल अशी. तुमचा बॅनर तारांनी बांधलेला, मला सोडवता येईना. हातात तिचंच वस्त्र होतं, तेच घातलं तिच्या अंगावर. तुम्ही खाली बसाल असं मनातही नव्हतं. पाणी पडलं त्याची माफी मागतो. झाकलं त्याची नाही मागणार."

"तुम्ही... रोज धुता?" टायरवाल्यांचा हात नकळत मनगटाच्या दोऱ्याकडे गेला. "पुरुष असून? आणि तुमचं तेज?"

"साहेब, ती पडल्यापासून धुतोय. ती लाजते, परक्याने तिचं घाणेरडं पाहिलेलं तिला चालत नाही. तेज जायचं असतं तर माझं धुण्याच्या टबातून कधीच वाहून गेलं असतं. बघा, उभा आहे अजून."

दॉ न्वे यिननी घसा साफ केला. "ऊ म्या थ्विन, नियमाप्रमाणे तुम्हाला आता..."

"ए बाई!" दॉ सेन ये कडाडल्या. "तुझ्या नियमाला मासळीच्या पाण्याने अंघोळ घालू का?"

कुणीतरी फिस्सकन हसलं. टायरवाल्यांचं लक्ष तिकडे नव्हतं. ते फोटोकडे बघत होते, बहुधा पहिल्यांदाच. आपल्या चेहऱ्याच्या शेजारी आणखी कुणी आहे हे त्यांना आत्ताच दिसलं असावं.

"तो मजकूर छपाईवाल्याने घातला," ते पुटपुटले. मग ते चिडून फोटोवाल्याकडे वळले, कारण कुणाकडे तरी वळणं भाग होतं. "बघतोस काय गाढवा? उतरव तो बॅनर! आणि कुणाला काढायचं नाही, ऐकलंत का बाई? माझ्या वाढदिवशी कुणाला बाहेर काढायचं नाही."

माफी त्यांनी मागितली नाही. तेवढी ऐपत टायरच्या धंद्यात येत नसावी. पण गाडीकडे जाताना दॉ प्योनच्या खुर्चीपाशी ते क्षणभर थांबले आणि हात जोडले. फोटोवाला तारा सोडवत होता, त्यामुळे त्याचा फोटो निघाला नाही.

६

मंडळी पांगली. थमेइन स्टेजवर धुळीत पडलेलं होतं. ऊ म्या थ्विन चाकाची खुर्ची ढकलत सावलीत गेले होते. ओन्मा पिशवी रिकामी करायला पळाली होती. आता ते उचलायला जवळपास दुसरं कुणी नव्हतं.

ऊ थान पे यांनी इकडेतिकडे पाहिलं, एक शिवी हासडली, आणि गुडघा कुरकुरत असताना वाकून ते उचललं. ओलं, जड, साबणाच्या वासाचं साधं कापड. हाताला काही झालं नाही. गुडघा मात्र नेहमीसारखाच दुखत होता. त्यांनी धूळ झटकली, नळाखाली धरून खळबळून काढलं, आणि पिळलं. पिळणं काही जमलं नाही.

दोरीपाशी ओन्मा येऊन उभी राहिली आणि बघतच राहिली.

"फौजदार साहेब! तुम्ही?"

"साहेब-बिहेब राहू दे," ते वैतागून म्हणाले. "चिमटे कुठे ठेवता तुम्ही लोक?"

तिने चिमटे दिले. त्यांनी ते थमेइन दोरीवर टाकलं, काळी पट्टी नीट सरळ केली आणि दोन्ही टोकांना चिमटे लावले. मग काठी उचलली. विहिरीचा वळसा लांब होता, आणि शेवया पुन्हा गरम केल्या होत्या. ते मान वाकवून दोरीखालून सरळ जेवायला निघाले.